नृत्यगृहांतून टेलिव्हिजनच्या पडद्यावर

परवां इयत्ता आठवीच्या वर्गांत एका विद्यार्थ्यानें मला मोठा मार्मिक प्रश्न विचारला. अमेरिकेंतील टेलिव्हिजनच्या अगदीं आरंभींच्या काळांतील एक जुनी चित्रफीत त्याच्या घरीं सर्वांनीं मिळून पाहिली होती. तींत एक गायक पुढें उभा राहून गात होता, आणि त्याच्या मागें एकसारखा पोषाख केलेले पंधरा-सोळा वादक ओळीनें बसून वाजवीत होते. तो म्हणाला, "सर, गाणाऱ्याचें नांव सांगितलें, नकला करणाऱ्याचें सांगितलें, ज्या मालाची जाहिरात होती त्याचें तर तीनदां सांगितलें, पण मागें बसलेल्या माणसांचीं नांवें कोणींच सांगितलीं नाहींत. तीं माणसें कोण होतीं?" तास संपल्यामुळें माझें उत्तर अर्धवट राहिलें. तें पुरें करावें एवढ्याच हेतूनें हा लेख लिहीत आहें. मुलांबरोबर आईबापांनींही तो वाचावा अशी इच्छा आहे. कारण घरांत एखादें नवें यंत्र आलें म्हणजे त्याबरोबर काय येतें आणि काय निघून जातें, हा प्रश्न त्यांच्याही जिव्हाळ्याचा आहे.

प्रथम ही मंडळी कोण, तें पाहूं. पहिल्या महायुद्धानंतर अमेरिकेंतील शहरांत मोठमोठीं सार्वजनिक नृत्यगृहें उभीं राहिलीं. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागांतील 'सॅव्हॉय' हें प्रसिद्ध नृत्यगृह १९२६ सालीं उघडलें. अशा नृत्यगृहांत संगीत पुरविणारा जो वादकांचा संच, तोच नृत्याचा वाद्यवृंद होय. त्याची रचना साधारणपणें ठरलेली असे. पुढच्या ओळींत सॅक्सोफोन वाजविणारे चार-पांच. मागें ट्रंपेट वाजविणारे तीन किंवा चार, आणि ट्रॉम्बोन वाजविणारे जवळ जवळ तितकेच. बाजूला पियानो, गिटार, मोठें उभें बास-वाद्य आणि ड्रम. या शेवटच्या चौघांचें काम लय सांभाळण्याचें. असे एकंदर पंधरा-सोळा वादक, एक-दोन गायक आणि सर्वांच्या पुढें त्यांचा नायक. प्रत्येक वादकाच्या पुढें त्याचा भाग लिहिलेला कागद असे. हे कागद तयार करणारा संगीत-रचनाकार हा तर त्या मंडळींतील सर्वांत अदृश्य मनुष्य. कोणत्या ओळीनें केव्हां बोलावें आणि कोणत्या ओळीनें केव्हां गप्प बसावें, हें सारें तो आधीं ठरवी. पण व्यासपीठावर तो बहुधा दिसतही नसे.

नृत्यगृहांत या वाद्यवृंदाचा मान मोठा होता. नाचणारीं जोडपीं शेंकड्यांनीं येत, व तीं वाद्यवृंदाचें नांव पाहून येत. नायकाचें लक्ष नेहमीं त्यांच्या पावलांकडे असे. पावलें जड झालेलीं दिसलीं कीं तो लय वाढवी. मंडळी दमली कीं एखादी संथ चाल सुरू करी. वाजविणारे व नाचणारे यांच्यामध्यें याप्रमाणें न बोलतां संभाषण चाले. १९३५ सालच्या ऑगस्ट महिन्याच्या २१ व्या तारखेस लॉस एंजल्स येथील 'पालोमार' नृत्यगृहांत बेनी गुडमन याच्या वाद्यवृंदाला तरुणांनीं जो प्रतिसाद दिला, त्या रात्रीपासून या संगीताचा भरभराटीचा काळ सुरू झाला असें मानतात. पुढील दहा वर्षें गुडमन, ड्यूक एलिंग्टन, काउंट बेसी, ग्लेन मिलर, टॉमी डॉर्सी हीं नांवें अमेरिकेंत घरोघरीं झालीं होतीं.

परंतु ही भरभराट फार दिवस टिकली नाहीं. दुसऱ्या महायुद्धांत तरुण वादक सैन्यांत गेले. पेट्रोल व रबर यांवर नियंत्रण आल्यामुळें गांवोगांव मोटारीनें फिरणें कठीण झालें. ग्लेन मिलर हा तर सैन्यांत असतांना १९४४ च्या डिसेंबरांत विमानांतून इंग्लिश खाडी ओलांडीत असतां कायमचा नाहींसा झाला. त्याच सालीं, जेथें नाच-गाणें चालतें अशा उपहारगृहांच्या बिलावर सरकारनें शेंकडा ३० असा कर बसविला. तो लवकरच शेंकडा २० वर आणला गेला, तरी मालकांना एवढा मोठा वाद्यवृंद परवडेनासा झाला. युद्ध संपल्यावर परत आलेल्या तरुणांनीं लग्नें केलीं, शहराबाहेर घरें केलीं, आणि संध्याकाळ मुलाबाळांत घालविण्यास सुरुवात केली. सोळा माणसांचा पगार, प्रवास व राहण्याचा खर्च कोण देणार? १९४६ च्या अखेरीस अवघ्या कांहीं आठवड्यांत अनेक नामांकित वाद्यवृंद मोडले.

अशा वेळीं टेलिव्हिजन आला. वादकांना हा नवा आश्रयदाता तात्काळ मिळाला असेल असें आपणांस वाटेल. पण तसें झालें नाहीं, आणि त्याचें कारण वादकांच्याच संघांत होतें. जेम्स पेट्रिलो नांवाचा मनुष्य, जो स्वतः पूर्वीं ट्रंपेट वाजवीत असे, तो अमेरिकन वादक-संघाचा अध्यक्ष होता. बोलपट आले तेव्हां मूकपटांच्या चित्रगृहांत वाजविणाऱ्या हजारों वादकांची भाकरी एका फटक्यांत गेली, हें त्यानें पाहिलें होतें. यंत्र एकदां वाजवून घेतें आणि मग माणसाला घरीं पाठवितें, असा त्याचा अनुभव. म्हणून १९४२ च्या ऑगस्टपासून दोन वर्षांहून अधिक काळ त्यानें ध्वनिमुद्रणावर बहिष्कार घातला. आणि १९४५ सालीं, योग्य करार होईपर्यंत संघाच्या कोणाही वादकानें टेलिव्हिजनवर वाजवूं नये असें फर्माविलें. ध्वनिमुद्रणावरील बहिष्काराचा एक अनपेक्षित परिणाम झाला. वादक गप्प बसले, पण गायक या बंदींत नव्हते. त्यांनीं केवळ मानवी आवाजांच्या साथीवर गाणीं मुद्रित केलीं, आणि लोकांच्या मनांत वाद्यवृंदाच्या जागीं गायक पुढें आला. आपल्या हक्काचें रक्षण करण्यासाठीं उचललेलें शस्त्र कधीं कधीं आपल्याच हातास कापतें, त्याचें हें उदाहरण होय. तरी पेट्रिलोची भीति खोटी होती असें मात्र कोणी म्हणूं नये.

१९४८ च्या मार्च महिन्यांत हा तंटा मिटला. ता. २० मार्च रोजीं एकाच दिवशीं सी.बी.एस. कंपनीनें यूजीन ऑर्मंडी याच्या नेतृत्वाखालीं फिलाडेल्फियाचा, व एन.बी.सी. कंपनीनें आर्तुरो टोस्कानिनी याच्या नेतृत्वाखालीं आपला असे शास्त्रीय संगीताचे दोन मोठे वाद्यवृंद टेलिव्हिजनवर दाखविले. दार उघडलें. त्याच वर्षीं ता. ८ जून रोजीं 'टेक्साको स्टार थिएटर' व ता. २० जून रोजीं एड सलिव्हन याचा 'टोस्ट ऑफ द टाउन' हे विविध मनोरंजनाचे कार्यक्रम सुरू झाले. पहिल्यांत मिल्टन बर्ल या विनोदी नटानें असें नांव मिळविलें कीं त्याच्यासाठीं लोक टेलिव्हिजन विकत घेऊं लागले. दुसरा कार्यक्रम पुढें सलिव्हनच्याच नांवानें १९७१ पर्यंत चालला, व त्याच्या वाद्यवृंदाचा चालक रे ब्लॉक हा होता. १९५० सालीं अमेरिकेंतील शंभर घरांपैकीं सुमारें नऊ घरांत टेलिव्हिजन होता; १९५५ सालीं तो जवळ जवळ पासष्ट घरांत, आणि १९६० सालीं सत्याऐंशी घरांत गेला. नृत्यगृहाला जाणारी संध्याकाळ याप्रमाणें दिवाणखान्यांत येऊन बसली.

या कार्यक्रमांत वाद्यवृंदाला काय करावें लागे? आपल्या शाळेचें स्नेहसंमेलन डोळ्यांपुढें आणा. एक मुलगा जादूचे प्रयोग करितो, दोघी मुली गातात, कोणी नक्कल करितो, मध्येंच छोटासा प्रवेश होतो. आणि एक मनुष्य पेटीवर बसून या सर्वांना साथ करितो. तेथेंही असेंच होतें, परंतु सर्व प्रत्यक्ष त्याच क्षणीं देशभर प्रक्षेपित होई. चूक झाली तर ती पुसण्याची सोय नव्हती. कारण चुंबकीय फितीवर चित्र मुद्रित करण्याची युक्ति उपयोगांत आली ती १९५६ च्या अखेरीस. कोणी पाहुणा रंगमंचावर येतांच त्याच्या आगमनाचे चार स्वर वाजले पाहिजेत. डोंबारी उंच उडी घेत असतांना ड्रमचा घुमार चढत गेला पाहिजे, आणि त्याचे पाय जमिनीस लागतांच झांज पडली पाहिजे. नटानें आयत्या वेळीं दोन वाक्यें गाळलीं, तर चालकानें बोटाची खूण करावी आणि वादकांनीं कागदावरील आठ ओळी एकदम सोडून पुढें जावें. कधीं संगीतिकेंतील गाणें, कधीं सर्कशीचा सूर, कधीं नृत्याची चाल. नवा कागद पुढें आला कीं तो पाहतांक्षणीं बिनचूक वाजविला पाहिजे. या कामाला असामान्य कौशल्य लागे. नृत्यगृहांत वर्षानुवर्षें घासून निघालेले वादक या कामांत उत्तम ठरले, आणि पुष्कळांना गांवोगांवच्या प्रवासाऐवजीं एके ठिकाणीं नियमित पगार व घरची भाकरी मिळाली. हा लाभ लहान नव्हता.

पण मान गेला. नृत्यगृहांत संध्याकाळ वाद्यवृंदाची होती. येथें ती विनोदी नटाची झाली, आणि वाद्यवृंद त्याचा सेवक झाला. पूर्वीं नायक पावलांकडे पाहून लय ठरवी. आतां तो घड्याळाकडे पाहूं लागला. जाहिरातीस अमुक मिनिटें, गाण्यास अमुक. शिवाय यंत्राची म्हणूनही अडचण होती. त्या काळचा पडदा बहुधा दहा-बारा इंचांचा. त्यावर सोळा माणसें एकदम दाखविलीं तर मुंग्यांसारखीं दिसत. एकालाच दाखविलें तर वाद्यवृंद उरत नसे. यंत्रांतील कर्णा लहान असल्यामुळें बास-वाद्याचा जो गंभीर नाद नाचणाऱ्याच्या तळपायाला जाणवे, तो घरीं बहुतेक हरपून जाई. आणि सर्वांत मोठी गोष्ट ही कीं, ज्याच्यासाठीं हें संगीत निर्माण झालें तो नाचणारा आतां खुर्चीवर बसला होता.

केवळ वाद्यवृंदालाच पुढें ठेवणारे कार्यक्रमही झाले. ड्यूमाँट कंपनीनें १९५० च्या जानेवारीपासून 'कॅव्हल्केड ऑफ बँड्स' या नांवानें दर आठवड्यास नवा वाद्यवृंद दाखविला. पण १९५१ च्या सप्टेंबरांत तो कार्यक्रम बंद पडला. लॉस एंजल्स येथें आयना रे हटन या बाईनें केवळ स्त्रियांचा वाद्यवृंद उभारून टेलिव्हिजनवर अनेक वर्षें गाजविला. ट्रंपेट, ट्रॉम्बोन, ड्रम, सर्व वाद्यें स्त्रियाच वाजवीत. हें काम पुरुषांचेंच असें मानण्याचा तो काळ होता, हें आपल्या शाळेंतील मुलींनीं लक्षांत घ्यावें.

नव्या यंत्राचा स्वभाव ज्यानें सर्वांत चांगला ओळखला, तो मनुष्य मात्र कोणीं कल्पिलाही नसता असा होता. लॉरेन्स वेल्क याचा जन्म १९०३ सालीं उत्तर डाकोटा प्रांतांतील स्ट्रासबर्ग या खेड्यांत झाला. त्याचे आईबाप काळ्या समुद्राकडील, ओडेसाच्या बाजूनें आलेले जर्मन शेतकरी. घरांत व गांवांत जर्मन भाषाच चाले. त्यामुळें हा मुलगा मोठा होईपर्यंत त्याला इंग्रजी धड बोलतां येत नव्हतें, आणि त्याच्या उच्चारांत तो ठसका शेवटपर्यंत राहिला. त्याला अकॉर्डियन हवें होतें. त्याची किंमत ४०० डॉलर! वडिलांनीं तें घेऊन दिलें, पण अट घातली कीं एकविसावें वर्ष संपेपर्यंत त्यानें शेतावरच राबावें, व वाजवून जें मिळवील तें घरांत द्यावें. मुलानें शब्द पाळला, आणि एकविसाव्या वाढदिवशीं तें वाद्य घेऊन घर सोडलें. पुढें पंचवीस वर्षांहून अधिक काळ तो गांवोगांव वाजवीत हिंडला. १९५१ सालीं सान्ता मोनिकाच्या समुद्रकांठच्या 'अरॅगॉन' नृत्यगृहांतून के.टी.एल.ए. या स्थानिक केंद्रानें त्याचा कार्यक्रम दाखविण्यास आरंभ केला, आणि ता. २ जुलै १९५५ रोजीं ए.बी.सी. कंपनीनें तो सर्व देशभर नेला.

वेल्कची युक्ति साधी होती. त्यानें नाचणाऱ्यांना पडद्याबाहेर ढकललें नाहीं. जोडपीं नाचतांना पडद्यावर दिसत, आणि तो स्वतःही प्रेक्षकांतील बायांबरोबर नाचे. दुसरें, तो आपल्या मंडळींपैकीं एकेकास पुढें बोलावून त्याचें नांव घेई व त्याचें वादन ऐकवी. त्यामुळें अकॉर्डियन वाजविणारा मायरन फ्लोरेन घरोघरींच्या आजीआजोबांना आपल्या नातलगासारखा वाटूं लागला. तिसरें, त्याची चाल नेहमीं ओळखीची व स्वच्छ असे. पट्टीचे जाणते लोक त्याला हंसत. हें संगीत फार गोड व फार सोपें आहे असें म्हणत, आणि त्यांत तथ्यही होतें. तरी १९७१ सालीं प्रेक्षक फार वयस्कर आहेत म्हणून कंपनीनें कार्यक्रम काढून टाकला, तेव्हां वेल्कनें तो स्वतः दोनशेंहून अधिक स्थानिक केंद्रांना देऊन १९८२ पर्यंत चालविला.

आतां याच्या उलट एक प्रसंग सांगतों. टॉमी व जिमी डॉर्सी हे दोघे सख्खे भाऊ. एक ट्रॉम्बोन वाजविण्यांत व दुसरा सॅक्सोफोन वाजविण्यांत निपुण. १९३५ सालीं एका चालीची लय किती असावी या क्षुल्लक गोष्टीवरून त्यांचें भांडण झालें, व टॉमी वाद्यवृंद सोडून गेला. १९५३ सालीं ते पुनः एकत्र आले, आणि सी.बी.एस. कंपनीनें त्यांना 'स्टेज शो' हा कार्यक्रम दिला. ता. २८ जानेवारी १९५६ रोजीं या कार्यक्रमांत एल्व्हिस प्रेस्ली नांवाचा एकवीस वर्षांचा तरुण साऱ्या देशापुढें टेलिव्हिजनवर प्रथम उभा राहिला. त्याच्याबरोबर साथीला दोन-तीनच माणसें. तो सहा वेळां तेथें आला. ज्या बंधूंनीं आपल्या व्यासपीठावर त्याला जागा दिली, त्यांच्याच परंपरेची जागा त्या नव्या आवाजानें घेतली. त्याच वर्षीं नोव्हेंबरांत टॉमी वारला, आणि पुढील जूनमध्यें जिमीही गेला. दोन-तीन माणसें व विजेच्या यंत्राची मदत असली कीं सभागृह भरतें, हें एकदां कळल्यावर सोळा जणांना कोण पोसणार?

आणखी एक कठोर गोष्ट मुलांपासून लपवूं नये. टेलिव्हिजनवरील संगीताचा खर्च व्यापारी जाहिरातदार सोशीत, म्हणून कोणी दिसावें व कोणी दिसूं नये हेंही बहुधा तेच ठरवीत. नॅट किंग कोल हा कृष्णवर्णीय पियानोवादक व गायक त्या काळीं अत्यंत लोकप्रिय होता. १९५६ च्या नोव्हेंबरांत एन.बी.सी. कंपनीनें त्याला स्वतंत्र कार्यक्रम दिला. नेल्सन रिडल याच्यासारख्या नामांकित रचनाकाराचा वाद्यवृंद त्याच्या साथीस होता. मोठमोठे कलावंत अल्प वेतनावर त्याच्याकडे येऊन गेले. परंतु दक्षिणेंतील गोरें गिऱ्हाईक रागावेल या भीतीनें देशव्यापी जाहिरात देण्यास एकही मोठा व्यापारी पुढें आला नाहीं, आणि १९५७ च्या डिसेंबरांत तो कार्यक्रम संपला. उणीव गाण्यांत नव्हती, वाद्यवृंदांत नव्हती, ऐकणारांच्या संख्येंतही नव्हती. उणीव धैर्याची होती.

तरी हा आश्रय एकदम संपला नाहीं. गाय लोंबार्डो याचा वाद्यवृंद वर्षाच्या अखेरच्या रात्रीं १९२९ पासून रेडिओवर ऐकूं येई. तो १९५६ पासून सी.बी.एस. वर दिसूं लागला व १९७६ पर्यंत दिसत राहिला. जॉनी कार्सन याच्या रात्रींच्या कार्यक्रमांत डॉक सेव्हरिन्सन याचा मोठा वाद्यवृंद १९६७ पासून १९९२ पर्यंत नियमित वाजत होता. मात्र अगदीं पहिल्या वर्षांचें पुष्कळसें संगीत आज उरलें नाहीं. त्या वेळीं पडद्यासमोर चित्रपटाचा कॅमेरा ठेवून जी प्रत घेत, तिला किनेस्कोप म्हणत. ड्यूमाँट कंपनीच्या अशा असंख्य प्रती १९७० नंतरच्या दशकांत न्यूयॉर्कच्या उपसागरांत टाकून देण्यांत आल्या, अशी साक्ष एडी अ‍ॅडम्स या नटीनें १९९६ सालीं दिली. जागा अडते म्हणून किती माणसांची मेहनत पाण्यांत गेली!

हें सारें परक्या देशांतलें झालें, असें म्हणून पुस्तक मिटूं नका. अशाच वाद्यवृंदांची एक शाखा आपल्या मुंबईंत नांदत होती. १९३५ सालीं लिओन अ‍ॅबी याचा अमेरिकन वाद्यवृंद मुंबईच्या ताजमहाल हॉटेलांत वाजवीत होता. त्यानंतर गोव्याच्या वादकांनीं ती कला उचलली. गोव्यांतील चर्चच्या शाळांत त्यांना लहानपणापासून व्हायोलिन व स्वरलेखन शिकविलें जात असे, म्हणून नवा कागद वाचणें त्यांस जड गेलें नाहीं. नृत्यगृहांचे दिवस सरल्यावर अमेरिकन वादकाला टेलिव्हिजननें जागा दिली, तशी आपल्याकडे ती चित्रपटानें दिली; कारण मुंबईंत टेलिव्हिजन आला तोच १९७२ सालीं. १९५१ सालचा 'अलबेला' हा भगवान पालव यांचा चित्रपट तुमच्या आजोबांनीं पाहिला असेल. त्याचे संगीतकार सी. रामचंद्र यांच्याबरोबर ट्रंपेटवादक चिक चॉकलेट, म्हणजे गोव्याचे आंतोनियो झेवियर वाझ, यांनीं काम केलें. त्यांचें नांव निदान कांहीं लोकांस ठाऊक आहे. त्यांच्या शेजारीं बसलेल्या अनेकांचीं नांवें चित्रपटाच्या आरंभीं कधीं झळकलींच नाहींत.

तर, बाळ, तुझ्या प्रश्नाचें उत्तर हें असें आहे. तीं मागें बसलेलीं माणसें म्हणजे एका मोठ्या कलेचे उतरत्या काळांतले कारागीर होते. ज्या भूमीवर ते राजे होते ती त्यांच्या पायांखालून गेली; नवीन घरांत त्यांना अन्न मिळालें पण पाट मागच्या ओळींत मिळाला. तेथेंही त्यांनीं आपला स्वर ढळूं दिला नाहीं. यंदां शाळेच्या संमेलनांत पडदा पडेल तेव्हां पेटी व तबला वाजविणारांचीं नांवें कोणीं तरी मोठ्यानें वाचावीं, असें मीं चालकांना सुचविलें आहे. आणि आईबापांना एवढेंच सांगणें आहे कीं, घरांतील पडद्यावर उत्तम संगीत चाललें असेल तर मुलांना नुसतें बसवून ठेवूं नका. त्यांस ताल धरूं द्या, गाऊं द्या, एखादें वाद्य हातांत देऊन चुकूं द्या. ऐकणाऱ्याचें पाऊल उचलावें म्हणूनच हें संगीत जन्मास आलें होतें.